होणाऱ्या सासऱ्याची सहल

"माया लोक एका रात्रीत या भूतलावरून नाहीसे झाले! कुठे गेले, ते आजतागायत कुणालाही कळलेलं नाही!" मेक्सिकोतल्या उश्मालच्या पिरॅमिडसमोर दोन्ही हात पसरून सिरिलो कान्चेने जाहीर केलं.

"सिरू, मेल्या, टोपी विसरलास!" फाटकापाशी टोप्या विकणारी त्याची मावशी अस्सल माया भाषेत ओरडली.

"आलो गं!" सिरिलोही त्याच भाषेत ओरडला.

पर्यटकांपैकी कुणालाच यात काही खटकलं नाही. खटकलं ते सिरिलोला. हे वाक्य तो गेली अकरा वर्षं रोज म्हणत होता. पण आज ऐकायला फिदेलियाचा बाप होता.

फिदेलियाच्या गावची रीत जुनी. मागणी घालायला नवऱ्या मुलाने जायचं नसतं. त्याची धर्ममाता पाव आणि चॉकलेट घेऊन तीनदा जाते. दोन खेपांना मुलीचा बाप नुसतं "बघू" म्हणतो. मग तो ओळख न देता मुलाचं काम बघून येतो आणि तिसऱ्या खेपेला काय ते सांगतो. एकदा नाही म्हटलं की पुन्हा विचारता येत नाही. पूर्वी हे बाप मक्याच्या शेताकडेला झुडपात बसून मुलाची खुरपणी बघायचे. सिरिलोकडे शेत नव्हतं. होते ते दगड, आणि तेही सरकारचे.

"रविवारी बाबा तुझ्या सहलीला असतील," फिदेलियाने एवढंच फोडलं होतं.

"दिसतात कसे, ते तरी सांग."

"माझ्यासारखेच. फक्त कमी बोलतात."

यादीत सोळा नावं होती आणि गाडीत सतरा माणसं. सतरावा शेवटच्या बाकावर बसलेला. सत्तरीचा, मांडीवर पिशवी, तोंडाला कुलूप. परीक्षेला आलेल्या सासऱ्याला तिकीट विचारायचं म्हणजे रीतच मोडायची. सिरिलोने विचारलं नाही. शिवाय नाक थेट फिदेलियाचं होतं.

आता त्या नाकासमोर, तुम्ही हजार वर्षांपूर्वीच नाहीसे झालात, असं कसं सांगायचं?

सिरिलोने घसा खाकरला. "म्हणजे... नाहीसे झाले असं म्हणतात. खरं तर आम्ही इथंच आहोत. त्या टोप्या विकतायत ना, त्या आमच्या मावशी."

लोक हसले. सिरिलोला हुरूप आला. राजे आणि नरबळी त्याने बाजूला ठेवले आणि मंडळींना जमिनीत खणलेल्या टाक्यापाशी नेलं. "इथे नदी नाही, ओढा नाही. पावसाचं पाणी या तोंडातून आत साठवायचे. वरच्या नक्षीकडे सगळे बघतात. पण हे आधी कुणीतरी खणलं, म्हणून नक्षी करणारा जगला. माझा आजा असंच साठवलेलं पाणी प्यायचा."

एका शिक्षिकेने ते वहीत लिहून घेतलं. म्हातारा नुसता बघत राहिला. सिरिलोने पायऱ्यांवर त्याला हात दिला, सावलीत बसवलं, आपल्या डब्यातले मक्याच्या पिठाचे, पानात उकडलेले चारही तामाल त्याच्यापुढे ठेवले. म्हाताऱ्याने चारही संपवले.

उपाशी सिरिलो गाडीपाशी आला. नेहमीच्या ड्रायव्हरची दाढ नेमकी आजच दुखायला लागली होती. बदलीवर आलेला काका पायरीवर बसून संत्रं सोलत होता. त्याने अर्धं पुढे केलं.

"आज फार घाम गाळताय, गाइडसाहेब."

"सासरा आलाय, काका. तो बघा, पिशवीवाला. म्हणजे अजून झाला नाही. झाला तर."

"असं?"

"माणूस आहे की खांब! चार तामाल गिळले, पण चेहऱ्यावरची माशी हलेल तर शपथ. पोरीने एवढं गोड हसू कुणाचं घेतलं, देव जाणे. आईचं असेल."

"असेल."

"हाकलू दे मला. चालेल." सिरिलोने फोड तोंडात टाकली आणि ती तशीच राहिली. "नाही, काका, नाही चालणार. दिवसभर मी बारा देशांच्या लोकांशी बडबडतो. खोलीवर गेलो की बोलायला कुणी नाही, आणि असतं तरी काही सुचलं नसतं. तिच्यासमोर बसलो की सुचतं. ती भरतकाम करत असते, मी बोलत असतो. त्या म्हाताऱ्याला एवढं एकच सांगायचंय. पण रीत आड येते."

"शेत?"

"नाही. हात आहेत."

काकाने एक बी थुंकली आणि दुसरं संत्रं सोलायला घेतलं.

परतायची वेळ झाली तेव्हा मंडळींनी गाडीत बसल्या बसल्या सिरिलोसाठी टाळ्या वाजवल्या. टाळ्या थांबल्या तसा म्हातारा उठला. बाकांना धरत धरत पुढे आला. म्हाताऱ्याने त्याच्या खांद्यावर हात ठेवला.

"पोरा, माणूस तू लाखात एक आहेस."

"बाबा..." सिरिलोचे डोळे भरून आले.

"पण तिकुल कधी येणार? सकाळी सातपासून बसलोय." म्हाताऱ्याने पिशवीतून चपलांचा जोड काढला. "एवढा शिवून घ्यायचाय."

"ही गाडी तिकुलला जात नाही, बाबा."

"मग सकाळीच विचारायचं नाहीस का, कुठे निघालात म्हणून?"

सिरिलो मटकन खाली बसला. म्हणजे फिदेलियाचा बाप आलाच नव्हता. बघायलासुद्धा आला नाही, याचा अर्थ धर्ममातेला तिसऱ्यांदा पाव भाजायची गरज उरली नव्हती. अकरा वर्षांत एकदाच तो खरं बोलला होता, आणि ते चपला शिवायला निघालेल्या माणसापुढे.

काकाने किल्ली फिरवली. इंजिन खोकलं आणि गप्प झालं. पुन्हा फिरवली. पुन्हा तेच. मग त्याने मान वळवून सिरिलोकडे पाहिलं आणि तो हसला. हसू थेट फिदेलियाचं होतं.

"जावईबापू," तो म्हणाला, "जरा उतरून मागून धक्का मारता का?"