राणीनं घ्यायचं नाव

"सोडा त्यांना! हाच माझा राजा, हाच..." म्हणून कस्तुरी थांबली. पुढे एकच शब्द होता. जल्लादाची तलवार वर, पेटीवाल्यानं सूर धरलेला आणि राणीचं तोंड बंद.

तालमीचं पुस्तक घेऊन बाजूला उभ्या असलेल्या मारोतरावांनी तो शब्द हळूच सांगितला. मग मोठ्यानं सांगितला. मग पुस्तक आपटलं.

"जगदेव! चार अक्षरं हायेत, बाई. राणीनं नाव घेतल्याबिगर राजा सुटत नाई अन् नाटक संपत नाई."

मारोतराव कंपनीचे मालक. त्यांची कंपनी एकच नाटक दोन भाषांत करायची, आज हिंदी तर उद्या मराठी. दोन्हींत राणी कस्तुरीच. जाहिरातीवर तिचं नाव 'मिस कस्तुरी' असं राजाच्याही वर छापलेलं असे. काल इथेच रिसोडात हिंदी खेळ झाला, तेव्हा हेच नाव तिनं असं खणखणीत घेतलं की मांडवाबाहेर सोडलेले बैल बिचकले. मराठीत मात्र हे नवं नाटक लागल्यापासून ती दर वेळी इथेच अडत होती. अकोल्याला तर लोकांनी शिट्ट्या मारल्या.

"हिंदीत घडाघडा बोलता अन् मराठीत मुक्या. काहून?"

"मले नाई समजत," कस्तुरी म्हणाली. तिला खरोखरच समजत नव्हतं. "व्हटापर्यंत येते अन् तिथंच थांबते."

"आज दुपारच्या खेळात अडलं, तर उद्यापासून तुमी निरी हिंदी करा. मराठी राणी दुसरं कोनी करन."

हिंदी कस्तुरी नागपूरला एका उस्तादांकडे पोटासाठी शिकली होती. मराठी पदं तिची स्वतःची होती. ती गाताना आपण कुणीतरी आहोत असं तिला वाटायचं, आणि तेवढंच तिच्याजवळ होतं.

रंगायची जागा म्हणजे कापसाच्या जिनिंगमधली पत्र्याची खोली. तिथे केस विंचरायला जवळच्या रिठद गावची गोजराबाई चार दिवसांपुरती ठेवली होती. तिनं तालीम दाराआडून पाहिली होती.

"राग नोका मानू बाई. तुमचं लगन झालं होतं का?"

"झालं होतं. नऊ वर्साची होती मी. भजनात गायली म्हनून दोन महिन्यांत सासरच्यायनं माहेरी आनून टाकलं. चौदा वर्सं झाले त्याले."

"नाव काय मालकाचं?"

कस्तुरीनं तोंड उघडलं आणि मिटलं. गोजराबाईनं फणी खाली ठेवली.

"हेच त होय. राजाचं अन् त्यायचं नाव एकच. तुमी काई इसरल्या नाई. नवऱ्याचं नाव कोनती बाई घेते? तुमच्या उस्तादानं हिंदी शिकवली, हे त आपल्याले मायनं शिकवलं."

कस्तुरीला हसावं की रडावं कळेना. ज्याचा चेहरासुद्धा आठवत नाही, त्याच्यासाठी आपली जीभ अजून डोक्यावर पदर घेऊन बसली आहे? मिस कस्तुरीची?

"सासर रिठदच ना? आमच्या जगदेव पाटलाची पयली बायको गानारी होती म्हनतात," गोजराबाई म्हणाली आणि तिला हाताला धरून पडद्याच्या भोकापाशी घेऊन गेली. "पयल्या रांगेत, गुलाबी फेटा."

गुलाबी फेटा फुटाणे खात होता. कस्तुरी बघत राहिली. यानं आपल्याला ओळखलं तर? भीतीच वाटायला हवी होती. वाटलीही. पण तिच्यात थोडी आशा कुठून मिसळली, ते तिला उलगडेना.

खेळ चांगला रंगला. तलवार वर गेली. "सोडा त्यांना! हाच माझा राजा, हाच..."

आणि पुन्हा तेच. मारोतराव बाजूनं ओरडायचेच बाकी राहिले. पुरुषांकडून पहिली शिट्टी आली. तेवढ्यात बायकांच्या बाजूनं एक म्हातारा आवाज आला, लग्नघरात येतो तसा अगदी सहज.

"लाजू नोको व माय. नाव घे."

मग दुसरी म्हणाली, "घे ना व." मग सगळ्याच म्हणू लागल्या. कस्तुरीचा हात आपोआप डोक्यावरच्या पदराकडे गेला. तिनं पदर सारखा केला, आणि पुस्तकात कुठेच नसलेला उखाणा भैरवीत गायला:

"तलवारीच्या धारेवर कुंकवाची लाली,
जगदेवरावांचं नाव घ्यायची वेळ आज आली."

पेटीवाला गोंधळला, पण सूर सोडला नाही. बायका डोळे पुसू लागल्या. मारोतराव पुस्तकाची पानं उलटत राहिले. कस्तुरीनं मात्र पहिल्या रांगेकडे पाहिलं.

गुलाबी फेटा उठून उभा होता. शेजाऱ्याच्या पाठीवर थाप मारून हसत होता.

"आयकलं का बे? माह्यंच नाव घेऊन राह्यली नाटकवाली! वन्समोर!"

सगळा मांडव "वन्समोर" म्हणून ओरडला. वन्समोर मिळाला की तोच प्रसंग पुन्हा करायचा, हा रिवाज. राजा पुन्हा गुडघ्यावर बसला. जल्लादानं पुन्हा तलवार उचलली. पेटीवाल्यानं भैरवीचा सूर धरला आणि तो वाट बघत राहिला.

कस्तुरीनं त्या हसऱ्या तोंडाकडे नीट पाहून घेतलं. डोक्यावरचा पदर खांद्यावर घेतला. या वेळी तिनं उखाणा घेतला नाही. पुस्तकात होतं तसं, नुसतं नाव घेतलं.