कापलेला आवाज

दिवसाचं चित्रीकरण संपलं की दिग्दर्शक होल्गेर कॅमेऱ्यामागून हाक मारायचा, “पुरे. चल घरी, सिग्ने.” सिग्ने त्याची बायको, कपडेपट तीच सांभाळायची. ध्वनिफितीवर आलेली ती हाक कापून टाकणं हे संकलक गुन्नेलचं तीस वर्षांचं नेमाचं काम. यंदा होल्गेर चित्रपट अर्धा टाकून वारला. शेवटचं दृश्य त्याच्या सहायकाने, लेनार्टने, गोठलेल्या तळ्यावर घेतलं. स्टॉकहोमच्या स्टुडिओत गुन्नेलने फीत लावली. नायिका बर्फावरून चालत दूर गेली, वारा घोंगावला, आणि होल्गेरचा आवाज आला, “पुरे. चल घरी, सिग्ने.” लेनार्टला ऐकवलं तर तो हसला. “वारा आहे हो तो. तुमचे कान वाजायला लागले, गुन्नेलबाई!” तिने कात्री घेतली आणि तेवढे शब्द कापले. सिग्नेला हे कळता कामा नये. बिचारी आत्ता कुठे दोन घास खाऊ लागली होती. पहिल्या खेळाला सिग्ने पुढच्या रांगेत बसली. नायिका पडद्यावर दूर गेली आणि कापलेल्या जागी नुसती शांतता आली. सिग्ने उठली. “आले, आले. केवढी वाट पाहायला लावलीस,” असं हसत म्हणत तिने कोट चढवला आणि ती दाराकडे निघाली. गुन्नेल तिला अडवायला उठली, तोच शेजारच्या खुर्चीतून नायिकेचं काम केलेल्या नटीने गुन्नेलचा हात घट्ट धरला. “जाऊ द्या त्यांना,” ती कुजबुजली. “बर्फावर मलाही ऐकू आलं होतं. मी फक्त मागे वळून पाहिलं नाही.”