नवमीची सवाष्ण

"आता पाटावरून उठायचं नाही हं," तेजलला कुंकू लावत माणिककाकू म्हणाल्या. "आजची सवाष्ण आहेस तू."

तेजल अवघडून बसली. तिसऱ्या मजल्यावरून चौथ्यावर जेवायला यायचं, एवढंच होतं. पण बोरिवलीच्या या सोसायटीत तिला कुठल्या दाराशी धडधडत असेल, तर ते याच दाराशी.

नवरा हयात असताना गेलेल्या बाईच्या नावाने पितृपक्षातल्या नवमीला सवाष्ण जेवू घालतात. काकूंच्या सासूबाई कधीच्याच गेल्या होत्या, त्यामुळे तेजलने काही विचारलं नाही. भिंतीवरच्या फोटोतून त्या कोऱ्या कपाळाने, डोक्यावर पदर घेऊन बघत होत्या.

पानात खीर, वडे, गवार, आमसुलाची चटणी. आणि कडेला चक्क शेवपुरी.

"बिनकांद्याची आहे," काकू म्हणाल्या. "आवडायची."

"आजी झकासच होत्या की!" तेजल हसली. बाकी कोणी हसलं नाही.

काकूंचा मुलगा मिहिर समोर बसला होता. त्याची बायको स्वरदा दोन वर्षांपूर्वी या घरातून नाहीशी झाली. हुंड्यासाठी छळ केला, असं तिचे वडील शरच्चंद्र म्हणत. काकू आणि मिहिर म्हणत, छळ कसला, दागिने बॅगेत भरून ती आपल्या पायांनी गेली. कोर्टाने तेजलवर विश्वास ठेवला. पिवळ्या ड्रेसमधली स्वरदा बॅग घेऊन रिक्षात बसताना तिने गॅलरीतून पाहिली होती. मायलेक निर्दोष सुटले. शरच्चंद्रांनी अपील केलं.

"सोमवारी तारीख आहे," मिहिर म्हणाला. "टेन्शन घेऊ नका, वहिनी. तुम्हाला परत बोलावणार नाहीत. जुनीच साक्ष वाचतात. तिच्यात खोट सापडली, तरच निकाल फिरतो."

खोट होती. ते तेजलला एकटीलाच ठाऊक होतं. रिक्षात बसणारी बाई पाठमोरी होती. चेहरा दिसलाच नव्हता. पण ड्रेस स्वरदाचा, बॅग स्वरदाची, मग दुसरं कोण असणार? वकिलाने विचारलं, ओळखलंत ना? तिने हो म्हटलं. तेव्हापासून ती रोज देवाला एकच मागत होती.

"स्वरदाचा एक फोन यावा बघा," ती म्हणाली. "कुठे का असेना, सुखात असली म्हणजे झालं."

मिहिर पाणी प्यायला. काकू पानावरचं मीठ उगाच सारखं करत राहिल्या.

"आई, कावळ्याचं पान ठेवते," असं म्हणत मिहिरची बहीण शीतल उठली आणि स्वयंपाकघराकडे निघाली.

तेजलच्या अंगावर सर्रकन काटा आला. रिक्षाकडे जाणारी तीच पाठमोरी चाल. तोच एक खांदा जरासा खाली. हाक अगदी ओठांवर आली होती, तेवढ्यात शीतल वळली आणि शीतलच निघाली.

मन खातं, दुसरं काय, असं तेजलने स्वतःला बजावलं.

कावळा शिवल्याशिवाय सवाष्णीने घास घ्यायचा नाही. तेजल हात मांडीवर ठेवून बसून राहिली. शीतलने खिडकीबाहेर एसीच्या डब्यावर पान ठेवलं. कावळा येऊन बसला. पानाकडे बघेना. आणखी दोन आले. तेही नुसते बसले. एरवी या खिडकीत पोळीचा तुकडा टिकत नसे.

खिरीवर साय धरली. मिहिरला घाम फुटला होता.

"आई, काहीतरी कर ना."

काकू खिडकीशी गेल्या, हात जोडले. "सासूबाई, सगळं यथासांग चालवीन. घ्या."

कावळ्याने मान तिरकी केली, बस्स.

"असं नाही शिवणार," शीतल पुटपुटली. "तुला माहितेय."

काकूंनी एकदा तेजलकडे वळून पाहिलं. तिने घाईने नजर पानात घातली. मग काकूंनी ग्रिलला तोंड लावलं आणि आवाज अगदी खाली आणला. पण घर इतकं चिडीचूप होतं की तेजलला शब्द न् शब्द ऐकू आला.

"शिव गं स्वरदा, हट्ट करू नकोस. कपाटातले तुझे दागिने तुझ्या आईला पोचवते."

कावळा शिवला.