उशीवरचा केस

“केस नक्की त्याचाच ना, पोरी? हा देव काही शहानिशा करत बसत नाही,” म्हातारी हेदिस्ता म्हणाली.

“नवऱ्याचा केस ओळखता येणार नाही होय मला, मावशी?” ग्लाफिरा हसली. खारेसच्या उशीवरून तिनं तो स्वतः उचलला होता. तांबूस, आणि इतका मऊ की तिला रडूच आलं होतं.

थेस्पिया गावातल्या एरॉसला, त्या प्रेमदेवाला, ना डोळे, ना पंख. नुसता न घडवलेला दगड. त्याच्या बुडाशी हेदिस्तानं शिशाच्या पत्र्यात गुंडाळलेला केस पुरला.

“माझ्यापाशी येईपर्यंत त्यानं खाऊ नये, पिऊ नये, झोपू नये,” ग्लाफिरानं तीनदा म्हटलं.

खारेस महिनाभर थीब्सच्या एका बासरीवालीकडे पडून होता. तो परतेल तेव्हा घर दोघांचंच असावं, म्हणून तिनं पाच महिन्यांच्या तिमोनला अस्क्रा गावी बहिणीकडे ठेवलं होतं. बहीणही ओली बाळंतीण. दुधाची काळजी नव्हती.

पहिल्या दिवशी भर दुपारी तिच्या कानात रडणं घुमलं. दुसऱ्या दिवशी ते थांबेचना.

“पान्हा फुटतोय ना, मग भास व्हायचेच,” शेजारीण म्हणाली. “नवरा आला की विसरशील सगळं!”

तिसऱ्या दिवशी रडणं अगदी बारीक झालं.

चौथ्या दिवशी सकाळी दारात खारेस उभा. ग्लाफिरानं त्याचा चेहरा निरखून पाहिला. गाल चांगले वर आले होते.

“जेवण जात नव्हतं ना?” तिनं हळूच विचारलं.

“मला? सरोवरातल्या वाम माशांवर ताव मारत होतो. पोट बघ की!”

“आणि झोप?”

“घोरतो म्हणूनच तर हाकललं तिनं.” तो ओशाळून हसला. “माझा तिमोन कुठंय?”

“अस्क्राला. ताईकडे.”

“अगं, त्याला माझ्या उशीवरच झोप लागते! तू झऱ्यावर गेलीस की रोज तिच्यावरच थोपटायचो त्याला.”

ग्लाफिरा अनवाणीच अस्क्राच्या वाटेनं धावत सुटली. मागून एक अनोळखी घोडेस्वार आला, तशी ती ओरडली:

“अहो, थांबा! तुम्ही घोड्यावर आहात, माझ्याआधी पोचाल. अस्क्रात शिरताच पहिलं घर. माझं बाळ दूध पितंय का, झोपतंय का, एवढं बघा. नसेल तर उचला आणि माझ्याकडे घेऊन या. त्याला अजून रांगतासुद्धा येत नाही हो.”