मोहटेकडीचा नेम

या टेकडीवर एकही जुने बांधकाम नाही, हे मारोतराव गुरुजींनी पायथ्याशीच तिसऱ्यांदा सांगितले. नुसते सांगितले नाही. पिशवीतून स्वतःचे पुस्तक काढून एकेचाळिसाव्या पानावर बोट ठेवले.

“ते पान मले पाठ हाये, गुरुजी,” तुलाराम म्हणाला. “पन वर भित उभी हाये. आता दोघांपैकी एक खोटा.”

तुलाराम हा त्यांचा जुना विद्यार्थी, आता चाळिशीतला धानउत्पादक शेतकरी. भिंतीची वार्ता त्याच्याच पत्रातून मोहाडीला गुरुजींकडे पोहोचली होती, आणि त्या पत्रापायी गुरुजींनी पुस्तकाची दुसरी आवृत्ती छापखान्यात अडवून धरली होती. जिल्ह्यातील प्राचीन अवशेषांविषयी लिहिताना न पाहिलेले एक अक्षरही त्यांनी लिहिले नव्हते. मोहटेकडी तर अठ्ठावन्न साली त्यांनी दोन दिवस पालथी घातली होती. तेथे भिंत निघाली, तर तेव्हा त्यांची नजर चुकली असे ठरत होते. आणि एक वाक्य खोटे ठरल्यावर उरलेल्या तीनशे पानांवर कोणी कोणत्या आधाराने विश्वास ठेवावा? डॉक्टरांनी चढ वर्ज्य केला होता. तेव्हा हा चढ अखेरचा होता, आणि निकालही त्याच्याच माथ्यावर लागायचा होता.

निघताना तुलारामची आई गिरजाबाई हिने दुपट्ट्यात घट्ट गाठोडे बांधून पुढे केले. आत दगड होता. टेकडीवर रिकाम्या हाताने जायचे नाही, ज्याचा दगड त्यानेच वर मांडायचा, आणि मांडेपर्यंत गाठ सोडायची नाही, असा गावाचा नेम असल्याचे तिने सांगितले.

हा नेम आपल्या टिपणांत कोठेही नाही, असा आक्षेप गुरुजींनी तत्काळ नोंदवला.

“नसंल तं लिवून घ्या,” गिरजाबाई म्हणाली. “पेन हाये नं खिशात?”

गाठोडे तुलारामने उचलले. माथ्यावर देईन, तोवर छाती सांभाळा, एवढेच तो म्हणाला.

पाऊलवाट रुंद आणि खोल तुडवलेली होती. अठ्ठावन्न साली येथे शेळीलाही वाट काढावी लागत असे, हे गुरुजींना पक्के आठवत होते. लोकांचे पाय फार फिरले, एवढाच खुलासा तुलारामने केला. अर्ध्या चढावर दोन बाया उतरताना भेटल्या. हात रिकामे, डोक्यावर नुसती चुंबळ. त्यांनी गुरुजींकडे पाहिले, एकमेकींकडे पाहिले आणि पदरात हसल्या. गुरुजींच्या मनात संशय मूळ धरू लागला. नव्याने भिंत रचून जत्रा भरवण्याचा हा बेत असावा. त्यांनी तसे बोलून दाखवले. तुलाराम रागावला नाही.

एका मोहाखाली दम खायला बसले, तेव्हा खाली दर उन्हाळ्यात ओसरणारे धरणाचे पाणी दिसले. गुरुजींनी तिकडे पाठ केली. त्या पाण्याखाली तुलारामचे जुने गाव होते आणि गावाबाहेरचे कोसळलेले शिवालय होते. पाणी येण्याआधी एक अख्खा उन्हाळा गुरुजी त्या ढिगाऱ्यात राबले होते. दोनशे बारा दगड त्यांनी निवडले, मांडणीचा नकाशा काढला, आणि देऊळ बुडू देणार नाही असा शब्द गावाला दिला. कचेरीने त्यांच्या अकरा पत्रांपैकी एकाचेही उत्तर दिले नाही. पाणी मात्र ठरल्या दिवशी आले. नकाशा गावातच टाकून ते मोहाडीला परतले, ते बारा वर्षे इकडे फिरकले नाहीत.

“गावानं तुमाले कधी बोल लावला नाय,” तुलाराम पाण्याकडे पाहत म्हणाला.

“म्हणूनच येववत नव्हते,” गुरुजी म्हणाले आणि काठी टेकून उठले.

माथ्यावर भिंत होती.

एक नव्हे, तीन होत्या. छातीइतक्या उंच, चुन्याशिवाय रचलेल्या, आणि समोर साध्या दगडाची चौकट. नक्षी नावालाही नव्हती. गुरुजींनी चष्मा पुसून सांध्यांवरून बोटे फिरवली, टाकीचे घाव तपासले, फीत लावून चौकट मोजली. संशयाला जागाच उरली नाही. हे घडवणारा हात सातशे वर्षांपूर्वीचा होता. आज कोणाला असा घाव घालता येत नाही. चौकटीच्या उजवीकडे, अगदी वरच्या थरात, वीतभर खाच तेवढी मोकळी होती.

ते दारातच बसले. पुस्तक उघडून एकेचाळिसाव्या पानावरील ते वाक्य त्यांनी सरळ रेघेने खोडले, आणि समासात तारीख घातली.

“तुलाराम, मी चुकलो,” ते म्हणाले. “इतकी वर्षे मी मुलांना चूक शिकवले.”

“कायले घाई करता, गुरुजी?” तुलाराम म्हणाला. त्याने गाठोडे त्यांच्या मांडीवर ठेवले. “आधी आपला दगड तं मांडा. तेवढी एकच जागा उरली हाये.”

गुरुजींनी गाठ सोडली आणि दगड उचलून खाचेपाशी नेला. तो आडवा बसेना. नीट बाजू पाहावी म्हणून त्यांनी तो उलटा केला. मागच्या अंगाला, विटलेल्या तांबड्या रंगात, त्यांच्याच हाताच्या वळणाचा आकडा होता : २१२.