मेणाचं अस्तर

“आतून मेणाचं अस्तर लावा,” बाई हळूच म्हणाली. “पण कुणाला कळता कामा नये.”

कोरीबाई शिंपिणीने मापाची पट्टी उलगडली. तिच्यासमोर स्टुलावर बाईची मुलगी उभी होती. अंगात लग्नाचा झगा, अजून कच्च्या टाक्यांचा. दोन्ही बाह्या कोपरापासून मनगटापर्यंत काळपट हिरव्या पडल्या होत्या.

त्या कापडाचं खरं नाव बरंच लांबलचक होतं. लोक त्याला चहाडी म्हणत. अंगाला लागलं की मनातलं सांगून मोकळं! आनंद झाला तर पिवळं, राग आला तर तांबडं, भीती वाटली तर हिरवं. लग्नात नवरानवरीने चहाडी घालून चारचौघांत उभं राहायचं आणि हिरवा रंग दिसला तर लग्न तिथेच मोडायचं, असा रिवाज होता. मेणाचं अस्तर लावलं की कापड पांढरंच राहायचं. त्याला बंदी होती, म्हणून ते सर्रास चालायचं.

चहाडी शिवणं येरागबाळ्याचं काम नव्हतं. शिवणाऱ्याच्या मनातलंही कापडावर उतरायचं. बाकीचे शिंपी हातमोजे घालून चाचपडत शिवत. ही मात्र उघड्या हातांनी शिवायची, तरी कापडावर रंगाचा ठिपका नाही. वीस वर्षं हेच चाललं होतं, म्हणून नाव पडलं कोरीबाई. या नावाचं तिला वाईट वाटायला हवं होतं. तेही वाटलं नाही.

“स्थळ कुठलं?” तिने विचारलं.

“पुलापलीकडचे घड्याळजी. एकुलता एक मुलगा. सासू तो सात वर्षांचा असतानाच वारली. म्हणजे पहिल्या दिवसापासून घरात हिचंच राज्य! आणि ही बघा, तोंड पाडून उभी.”

कोरीबाईने कमरेजवळ टाचणी लावली. “वडील आहेत मुलाचे?”

“आहेत ना. फार शिस्तीचे. मुलगा अगदी त्यांच्यावर गेलाय.”

बाई दोरा पसंत करायला बाहेरच्या खोलीत गेली. मुलगी आरशाकडे न बघता म्हणाली, “मावशी, अस्तर नका ना लावू.”

“का गं? मारतो?”

“छे. आवाजसुद्धा चढवत नाही. परवा त्यांच्या घरी गेले होते. म्हणाला, लग्नानंतर मैत्रिणींकडे जायचं नाही. मला हसू आलं. तर बाहेरून कुलूप लावून तो दाराशी बसून राहिला. ‘नाही जाणार’ म्हटलं, तेव्हा उघडलं. वर मला पाणी आणून दिलं. आई म्हणते, काळजी करतो तुझी.”

“किती वेळ बसला?”

“दिवे लागेपर्यंत.”

“पहिल्याच खेपेला एवढा?” कोरीबाई म्हणाली आणि मापाची पट्टी गुंडाळू लागली.

बाई परत आली. “मग, लावताय ना?”

“माझ्यावर सोडा.”

पुढचे तीन दिवस ती झग्यावरच बसून होती. कापून ठेवलेलं अस्तर टेबलाच्या कडेला पडलं होतं. ते लावलं नाही तर ही बाई गावभर बोंब ठोकणार आणि दुकानाला टाळं लागणार, हे तिला कळत होतं. लावलं तर मुलगी पूल ओलांडून त्या घरात जाणार, हेही कळत होतं. भीती वाटली नाही, दयाही आली नाही. हातांखालचं कापड पांढरंच होतं. तिसऱ्या दिवशी तिने अस्तर उचलून शेगडीत घातलं. मेण तडतडलं, खोलीभर धूर झाला. खिडकी उघडून ती पुन्हा शिवायला बसली.

लग्नाच्या दिवशी आकाशातल्या दोन सूर्यांपैकी धाकटा मावळायच्या आत बाई दुकानात शिरली. केस सुटलेले, आवाज बसलेला.

“सगळ्यांदेखत माझी पोर गळ्यापासून पायापर्यंत हिरवीगार झाली! मोडलं लग्न! अस्तर कुठाय?”

“लावलं नाही.”

“अहो, आम्ही तुमचं काय घोडं मारलं होतं?”

कोरीबाईने मुलगी कुठे आहे, एवढंच विचारलं.

“मामाकडे जाऊन बसलीय. झोपलीय म्हणे! झोप लागतेच कशी कार्टीला?”

कोरीबाईने मान हलवली. तेवढं तिला पुरे होतं.

दारात सावली पडली. बाईच्या मागोमाग नवरा मुलगा आला होता. अंगातला झगा तांबडालाल, पण चेहरा शांत.

“लग्नाचे कपडे शिवणारी ती कोण?” त्याने आवाज न चढवता विचारलं.

बाईने बोट दाखवलं. कोरीबाई उठून उभी राहिली आणि दिव्याच्या उजेडात आली. तो बघत राहिला. बराच वेळ.

“बाबा तर म्हणाले होते,” तो म्हणाला, “की तू मेलीस, आई.”