मागाच्या खोलीतला सराव

पांढऱ्यानं वजिरापुढचं प्यादं सरकवून लगेच उंट बाहेर काढला, तर काळ्यानं काय करायचं, हे मी बाळाला पाजता पाजता मोबाईलवर शिकले आणि थोरल्या रक्षाला शिकवलं. "उंट बाहेर पडला की त्यानं राखलेलं प्यादं पोरकं हुतंय बघ. तिकडं वजीर ने," असं चार महिने वडगावच्या घरी, मागाच्या खोलीत, यंत्रमागाच्या खडखडाटात तिला ओरडून ओरडून सांगितलं.

"पोरगी खेळत्या, माग बंद करू काय गं?" सासूबाई विचारायच्या.

"चालू दे गं आज्जी, मला त्येचा आवाज कळत पण न्हाय," रक्षा म्हणायची.

आज शहरात, कॅम्पातल्या हॉलमध्ये निवडीची शेवटची फेरी होती. जिंकली तरच राज्याच्या संघात जागा. रक्षाकडं काळ्या सोंगट्या आल्या, आणि समोरच्या मुलीनं नेमका तोच उंट बाहेर काढला. खिडकीबाहेर मी देवाला हात जोडले.

पण रक्षा हलेना. आत कुणी खोकतसुद्धा नव्हतं. त्या शांततेत दोन्ही कानांवर हात गच्च दाबून ती पटाकडं बघत बसली. तिच्या घड्याळातली दहा मिनिटं गेली, वीस गेली.

तेवढ्यात लाइट गेली आणि हॉलमागचा जनरेटर खडखडत सुरू झाला. सगळ्या मुलांनी दचकून कानांवर हात ठेवले.



रक्षानं मात्र कानांवरचे हात काढले, आणि वजीर उचलला.